गावाकडून महाराजबागेत: पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

नागपूरच्या महाराजबागेत, म्हणजे तिथल्या जुन्या बागेत आणि प्राणिसंग्रहालयात, जायचं ठरलं की गावात पहिला प्रश्न येतो, "वाघ दिसते का जी?" मग तिकीट किती, डबा नेऊ देतात का, वगैरे. मला विचाराल तर सगळ्यांत आधी विचारायची गोष्ट वेगळीच आहे: आपल्या गावची शेवटची बस नागपूरहून किती वाजता सुटते? भिवापूर, कुही, पवनी, नागभीड, कुठल्याही बाजूनं या. दिवस किती लांबवायचा ते परतीची गाडी ठरवते, आपण नाही.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवतो. शाळेची सहल, नात्यातली पोट्टी, बचत गटातल्या बाया, अशा सगळ्यांसोबत ही बाग पाहून झाली आहे. ज्यांना नागपूर म्हणजे दवाखाना, कोर्ट नाहीतर लग्नाचा बस्ता एवढंच ठाऊक आहे, त्यांच्यासाठी हे लिहितो आहे.

आखणी शेवटाकडून करा

समजा तुमची शेवटची सोयीची गाडी गणेशपेठ बसस्थानकावरून पाच वाजता आहे. सोबत म्हातारी माणसं, लहान लेकरं असतील तर सव्वाचारला स्टँडवर पोचलंच पाहिजे. म्हणजे बर्डीतून, बागेजवळच्या सीताबर्डीतून, साडेतीनला निघायचं. जेवण आणि थोडी पाठ टेकणं यात तासभर जातो. हिशेब केला तर बागेसाठी हातात उरते ती सकाळ, आणि सकाळच खरी चांगली. मुक्कामी गाडी असेल तर थोडी सूट मिळते, पण मुक्कामी गाडीला गर्दी किती असते ते तुम्हाला माहीत आहेच.

एका दिवसात महाराजबाग, अजबबंगला (जुनं संग्रहालय), रमण विज्ञान केंद्र, दीक्षाभूमी, टेकडीचा गणपती आणि वरून फुटाळा तलाव, असं गच्च भरलेलं वेळापत्रक घेऊन निघणारे लोक मी पाहतो. संध्याकाळी त्या लेकरांना विचारा काय पाहिलं, तर बसमध्ये कोणाला उलटी झाली ते सांगतात. महाराजबाग आणि आणखी एक जागा, बस. ते दुसरं ठिकाण कोणतं, ते पुढं सांगतो.

वार निवडताना सोमवार सोडा. सोमवारी प्राणिसंग्रहालय बंद असतं आणि अजबबंगलाही बंद असतो, म्हणजे दोन्हीकडून फटका. रविवारी अर्धं नागपूर तिथंच असतं. मंगळवार ते शुक्रवार उत्तम.

काही दिवस मात्र कॅलेंडरवर आधीच फुली मारून ठेवावेत. हिवाळी अधिवेशन बहुधा डिसेंबरात असतं. विधानभवन बर्डीपासून जवळ, त्यामुळं त्या दिवसांत मोर्चे, अडवलेले रस्ते आणि पोलिसांचे कठडे यांत तुमचा आटो तासभर अडकू शकतो. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मारबत, म्हणजे मोठाल्या पुतळ्यांची मिरवणूक, निघते, तेव्हा मध्य नागपुरात पाय ठेवायला जागा नसते. मारबत पाहायचीच असेल तर खास तिच्यासाठी या, बाग दुसऱ्या खेपेला. दसऱ्याच्या आसपास दीक्षाभूमीवर लाखो लोक येतात, गाड्या भरून वाहतात. २६ जानेवारी आणि १५ ऑगस्टचं गणित उलटं आहे. गर्दी असते, पण एरवी लष्कराच्या ताब्यात असलेला सीताबर्डीचा किल्ला त्या दिवशी लोकांना पाहायला उघडतात. १८१७ च्या नोव्हेंबरात अप्पासाहेब भोसल्यांची फौज आणि इंग्रज यांची लढाई झाली ती याच टेकडीवर. पोरं मोठी असतील तर त्या गर्दीत जाण्यात अर्थ आहे.

महिने सांगायचे तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी. मार्च निम्मा झाला की दहाच्या पुढं फिरवत नाही. मे महिन्यात तर तिथं वाघाच्या पिंजऱ्याला कुलर लावतात आणि हरणांवर पाण्याचे फवारे सोडतात. वाघाला कुलर लागतो त्या उन्हात तुम्ही सव्वा वर्षाचं लेकरू कडेवर घेऊन कशाला फिरता? पावसाळ्यात बाग हिरवीगार असते, पण चिखल आणि मच्छर दोन्ही धरून चला.

तिथवर कसं पोचायचं

बस गणेशपेठला लागते. एसटीच्या सवलती विसरू नका: २०२३ च्या मार्चपासून बायांना अर्ध तिकीट आहे, ७५ वर्षांवरच्यांना २०२२ पासून पूर्ण मोफत, ६५ ते ७५ वयाच्यांना अर्ध. आजीला घरी ठेवून जाण्याचं कारण त्यामुळं उरलेलं नाही, फक्त तिचं ओळखपत्र पिशवीत पाहिजे. शाळेची सहल असेल तर एसटी भाड्यातही सवलत देते. त्यासाठी आगारात आधी अर्ज करावा लागतो, आदल्या दिवशी जाऊन उपयोग नाही. शिक्षण विभागाची परवानगी, पालकांची संमतिपत्रं, सोबत महिला शिक्षिका, प्रथमोपचाराची पेटी, हे शाळेच्या माणसाला सांगायला नको.

स्टँडवरून आटो करता येतो. बसण्याआधी भाडं ठरवा आणि "महाराजबाग, प्राणिसंग्रहालयाच्या गेटवर" असं नीट सांगा. नुसतं "बर्डी" म्हटलं तर तो तुम्हाला बाजारात उतरवून मोकळा होईल.

पण माझा कौल मेट्रोला. नागपूरची मेट्रो २०१९ मध्ये सुरू झाली आणि तिच्या दोन मार्गिकांची चार टोकं शहरात शिरणाऱ्या चार मोठ्या रस्त्यांवर आहेत. वर्धा रोडवर खापरी, कामठी रोडवर ऑटोमोटिव्ह चौक, भंडारा रोडवर प्रजापती नगर, हिंगणा रोडवर लोकमान्य नगर. खापरी आणि ऑटोमोटिव्ह चौक एका मार्गिकेवर, प्रजापती नगर आणि लोकमान्य नगर दुसऱ्या. दोन्ही सीताबर्डीला एकमेकींना छेदतात. बुटीबोरी-हिंगणघाटकडून येणाऱ्यांनी कंडक्टरला विचारून खापरीजवळ उतरावं, भंडारा-लाखनीकडच्यांनी प्रजापती नगरला. शहरातल्या कोंडीतला अर्धा तास वाचतो आणि पोट्ट्यांना वरून नागपूर दिसतं. काही पोरांना वाघापेक्षा मेट्रोच जास्त लक्षात राहते, याचं वाईट वाटून घेऊ नका.

आम्हा उमरेड रोडवाल्यांना ही सोय नाही. आम्ही गणेशपेठला उतरतो, जवळच्या कॉटन मार्केट स्टेशनवर चढतो आणि सीताबर्डी सोडून पुढच्या झाशी राणी चौक स्टेशनवर उतरतो. तिथून बाग पायी गाठता येते. पाय दुखणारं कोणी असेल तर छोटा आटो.

स्टेशनवरचा सरकता जिना ही मात्र मोठी अडचण. पहिल्यांदा आलेल्या बाया तिथं थबकतात, मागून रांग लागते, कोणी हसतं आणि मग त्या बाईचा अर्धा दिवस खट्टू होतो. सरळ लिफ्टनं न्या, लिफ्ट प्रत्येक स्टेशनवर आहे. जिन्यानंच जायचं असेल तर पदर खोचून, लुगड्याचा काठ वर धरून, एका हातानं कठडा पकडून, पिवळ्या रेषेच्या आत पाय ठेवायचा. वर पोचताना खाली बघत राहायचं. एकदा जमलं की मग उतरायलाच तयार होत नाहीत.

बाग कोणाची, कधीची

नाव महाराजबाग, म्हणजे नागपूरकर भोसल्यांची. भोसल्यांनी नागपुरात आणि आसपास बऱ्याच बागा लावल्या: तुळशीबाग, तेलंगखेडी, सक्करदरा ही नावं अजून वापरात आहेत. १८५३ मध्ये तिसरे रघूजी वारले, इंग्रजांनी राज्य खालसा केलं आणि बागही त्यांच्याकडं गेली. १८९४ मध्ये तिथं प्राणिसंग्रहालय झालं. १९०६ मध्ये नागपूरचं कृषी महाविद्यालय उभं राहिलं, आणि आज बाग आणि प्राणिसंग्रहालय दोन्ही त्याच महाविद्यालयाकडं आहेत. महाविद्यालय अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाचं.

म्हणजे लोक जिला वाघाची बाग समजतात ती कारभारानं शेतीच्या कॉलेजची बाग आहे. अमरावती जिल्ह्यातल्या पापळ गावच्या शेतकऱ्याच्या पोराचं नाव लावणारं विद्यापीठ भोसल्यांची बाग सांभाळतं, आणि तिच्या कडेनं ज्या नदीवरून नागपूरला नाव पडलं ती नाग नदी वाहते. नदीचं आजचं रूप बघून पोरं नाक धरतील. धरू द्या. हाच नाला का म्हणून विचारतील, तेव्हा खरं ते सांगा.

पहाटे आणि संध्याकाळी इथं शहरातली माणसं फिरायला येतात. बूट घातलेले आजोबा, योगासनं करणारे, बाकावर पेपर वाचणारे. गावाकडच्या माणसाला गंमत वाटते, चालण्यासाठी गाडी काढून इथं येतात म्हणून. सकाळी लवकर पोचलात तर हा सगळा मेळा दिसेल. प्राणिसंग्रहालयाची तिकिटखिडकी नंतर उघडते, तोवर झाडांखाली बसा. सुटे पैसे जवळ ठेवा. तिकीट परवडणारं असतं. दर बदलतात, म्हणून खिडकीवरचा फलक वाचूनच माणसं मोजा.

आत गेल्यावर

आत शिरण्याआधी दोन कामं. पहिलं, लहान लेकरांच्या खिशात घरच्या माणसाचा मोबाईल नंबर लिहिलेली चिठ्ठी टाका. हातावर पेनानं लिहिलेला नंबर घामानं जातो. दुसरं, भेटायची जागा ठरवा, "हरवलो तर तिकिटखिडकीपाशी". मोठ्या माणसांनाही हे सांगावं लागतं. बचत गटाच्या सहलीत हरवतात ती मोठीच माणसं.

आता वाघाचं. पोरांना "वाघ दाखवतो" असं वचन देऊन आणू नका. मोठे प्राणी एका प्राणिसंग्रहालयातून दुसऱ्यात हलवले जातात, आजारी असला तर आत ठेवतात, आणि दुपारी तो झोपलेलाच असतो. "काय काय दिसते ते बघू" एवढंच म्हणा. जागा जुनी आहे. पिंजरे आणि जाळ्या आहेत, मोकळं रान नाही. गाडीत बसून प्राणी पाहायची ती सफारी वेगळी, ती काटोल रोडवर गोरेवाड्याला. तिचं २६ जानेवारी २०२१ ला उद्घाटन झालं. पुष्कळ लोक दोन्हींत गोंधळ करतात आणि महाराजबागेत येऊन "बस कुठाय?" विचारतात.

उमरेड-कऱ्हांडला अभयारण्याच्या कडेच्या गावांतल्या पोरांना वाघाचं काय कौतुक, असंही वाटेल. त्यांनी चिखलात उमटलेले पंजे पाहिलेले असतात, गाईचा फडशा पडलेला पाहिलेला असतो. पण निवांत, न घाबरता, जवळून त्यांनी एकही जनावर पाहिलेलं नसतं. हीच या बागेची खरी कमाई आहे.

म्हणून माझी रीत अशी. आधी वाघ-बिबट उरकून घ्या, कारण ते पाहिल्याशिवाय कोणाचं दुसऱ्या कशात लक्ष लागत नाही. वाघ सकाळच्या थंड वेळेत येरझारा घालतो, म्हणूनही तो आधी. पट्टे असतात तो वाघ आणि ठिपके असतात तो बिबट, हे इथंच पक्कं करून घ्या. गावात जनावर दिसलं म्हणून वनखात्याला फोन करताना ते कामी येतं. मग सावकाश खुरांच्या जनावरांकडं वळा. तिथं थांबा, खूप वेळ थांबा.

रोह्यापुढं, म्हणजे नीलगाईपुढं, आमची पोट्टी हमखास हसतात. वावरात जागलीला गेलेल्या पोरानं रोही पाहिलेला असतो तो रात्रीचा, टॉर्चच्या उजेडात चमकणारे डोळे, आणि सकाळी बघावं तर तुरीचे शेंडे साफ. इथं तोच रोही दिवसाढवळ्या समोर उभा. निळसर करडा तो नर, त्याला वीतभरसुद्धा नाहीत अशी आखूड सरळ शिंगं. तांबूस ती मादी, तिला शिंगं नाहीत. नराच्या गळ्याखाली केसांचा झुपका बघा, खुरांच्या वर पांढऱ्या पट्ट्या बघा. घोड्यासारखा दिसतो म्हणून आपण त्याला हाकलताना काहीबाही म्हणतो, पण खूर दुभंगलेलं आहे आणि पोटात गेलेला चारा तो बैलासारखाच रवंथ करतो. पोरांना म्हणा, जबडा बघ, चारा वर येतो तेव्हा गळ्यातून सरकणारा गोळा दिसतो. हे पाहायला पाच मिनिटं एका जागी उभं राहावं लागतं, आणि एकदा एकाला दिसलं की बाकीचे धक्काबुक्की करून पुढं येतात.

शिंगांचा धडा तर फळ्यावर शिकवून होतच नाही. चितळ आणि सांबर यांची शिंगं फांदीदार असतात, दर वर्षी गळतात आणि नवी येतात. नवी येताना त्यांच्यावर मखमलीसारखी लवदार कातडी असते, पुढं ती सुकून लोंबते आणि जनावर ती झाडाला घासून काढतं. काळवीट आणि रोही यांची शिंगं मात्र जन्मभराची. मोडलं तर गेलं. काळविटाच्या शिंगाला पीळ असतो, आणि काळा रंग फक्त वयात आलेल्या नराचा. माद्या आणि पिल्लं बदामी. पोरांना विचारा, या कळपात नर किती? उत्तरावर भांडणं होतात. होऊ द्या, भांडताना नीट पाहतात. चितळाच्या अंगावरचे ठिपके म्हातारपणापर्यंत राहतात, सांबराला ठिपके नसतात, आणि आपल्या देशातलं सगळ्यांत मोठं हरीण सांबरच. एवढं घेऊन घरी आले तरी सहल वसूल.

अस्वल हा दुसरा थांबा. मोहफुलं वेचायला पहाटे जंगलात जाणाऱ्या आयाबायांना अस्वलाची भीती वाघापेक्षा जास्त असते, कारण त्यालाही मोहफुलंच हवी असतात, त्याच झाडाखाली, त्याच वेळेला. इथं त्याची नखं बघून घ्या. ही नखं वारूळ फोडायला असतात. वरचे पुढचे दोन दात त्याला नसतातच, त्या फटीतून ते वाळवी ओढून घेतं. छातीवर पांढुरका पट्टा असतो. नजर आणि कान मंद, नाक तिखट. म्हणून जंगलात जाताना बोलत, काठी आपटत जावं असं म्हातारी माणसं सांगतात, म्हणजे त्याला आधी चाहूल लागते आणि ते दचकून अंगावर येत नाही. ही गोष्ट पिंजऱ्यासमोर उभं राहून सांगितली की पोरांच्या डोक्यात बसते.

मगर तोंड उघडं ठेवून निपचित पडलेली दिसेल, आणि कोणीतरी "नकली आहे" म्हणून खडा उचलेल. त्याचा हात तिथल्या तिथं धरा. तोंड उघडं ठेवून ती अंगातली उष्णता कमी करत असते. प्राण्यांना खडे मारणं, डिवचणं, ओरडून त्रास देणं, खायला घालणं आणि आवारात कचरा टाकणं, हे सगळं वन्यजीव संरक्षण कायद्यानं गुन्हा आहे. फुटाणे-केळी टाकणारे सुशिक्षित लोकही दिसतील. "त्यांनी टाकलं" हे आपलं कारण होऊ शकत नाही.

पक्ष्यांचे पिंजरे, मोर, माकडं, यावर मी वेळ घालवत नाही. मोर आमच्या शाळेच्या कौलावर बसतात आणि माकडं डबे पळवतात. तुमच्या गावचं चित्र वेगळं असेल तर तुम्ही थांबा.

लहानग्यांसाठी झुले-घसरगुंड्या आहेत, त्या शेवटी ठेवा. आधी दाखवल्या की प्राणी संपले.

डबा, पाणी, खर्रा

जेवण घरचंच आणा. तिखट-मिठाच्या पुऱ्या, पातोडी, सुकी आलूची भाजी, चटणी, कांदा. रस्सा आणू नका, बसमध्ये सांडतो आणि मग सगळी सहल हळदीच्या डागांची. जेवायला पिंजऱ्यांपासून लांब, झाडांच्या सावलीत बसा, उष्टं-खरकटं परत पिशवीत भरा. आत प्लॅस्टिकच्या पिशव्या न्यायच्याच नाहीत. जाळीपलीकडं उडालेली पिशवी हरणाच्या पोटात जाते, आणि आपल्या गाईंचं काय होतं ते आपण पाहतोच. पाणी घरून भरून आणा, माणशी एक बाटली तरी. सकाळी पोटात काही नसेल तर स्टँडच्या बाहेर तर्री-पोहे मिळतात. उलटीचा त्रास असणाऱ्यांनी तर्री वगळावी.

खर्रा, म्हणजे तंबाखू-सुपारीचं घोटलेलं मिश्रण. यावर स्पष्टच बोलतो, कारण आमच्याकडं पंचवीस माणसं निघाली की पंधरांच्या खिशात पन्नी असते. ती बसमध्येच संपवा किंवा घरी ठेवा. झाडांच्या बुंध्यांवर मारलेल्या पिचकाऱ्या पाहून शहरातले लोक "खेड्यावाले आले" म्हणतात. शहरातलेही तेवढेच थुंकतात, पण नाव आपलं होतं. आणि सोबत आलेली पोरं बघत असतात.

बायांनी स्वच्छतागृहाचं आधी विचारून घ्यावं, गरज लागल्यावर नाही. गेटपाशी शिरतानाच विचारा. माझा अनुभव असा की मेट्रो स्टेशनवरची सोय बरी असते, तिथंच उरकून बाहेर पडलेलं चांगलं.

दुसरं ठिकाण

पोरं पाचवीच्या पुढची असतील तर रमण विज्ञान केंद्र. ते गांधीसागर तलावापाशी, बसस्थानकाच्या बाजूला आहे, म्हणजे आपण परतीच्या गाडीकडंच सरकतो आणि जीव टांगणीला लागत नाही. हात लावून, फिरवून, दाबून पाहायची यंत्रं आहेत. "हात लावू नका" ऐकून कंटाळलेल्या पोरांना तिथून ओढून काढावं लागतं.

म्हातारी माणसं आणि इतिहासाची आवड असणारे सोबत असतील तर अजबबंगला, म्हणजे मध्यवर्ती संग्रहालय, १८६३ चं. जुन्या मूर्ती, नाणी, शस्त्रं, पेंढा भरलेले प्राणी. मात्र इथं वाचावं लागतं, नुसतं फिरून पंधरा मिनिटांत बाहेर येतात लोक.

जाता-येता झिरो माईलचा दगडी खांब आणि चार घोडे दिसतात, तिथं फोटो होतो. १९०७ चा, मोजणीसाठी उभारलेला हा खांब आहे. त्याच्यासाठी वेगळा वेळ काढू नका. फुटाळा तलाव संध्याकाळचा, आणि संध्याकाळी आपण बसमध्ये असतो. नागपुरात मुक्कामाला नातेवाईक असतील तरच.

रोपं घ्यायची असतील तर

शेतकरी माणसानं महाराजबागेतून रिकाम्या हातानं परतू नये. कृषी महाविद्यालयाची रोपवाटिका तिथंच आहे. काय मिळेल ते हंगामावर असतं. परसात लावायला कढीपत्ता, लिंबू, फुलझाडं, फळझाडांची कलमं अशा गोष्टी बघाव्यात. पावती घ्या आणि वाणाचं नाव त्या पावतीवर लिहून मागा.

संत्र्याचं किंवा लिंबाचं कलम घेताना घाई करू नका. कलम हातात घेऊन बुडापासून वर बघत जा. डोळा भरल्याची, म्हणजे कलम बांधल्याची, गाठ मातीपासून निदान नऊ इंच वर पाहिजे. गाठ खाली असली की पावसाळ्यात ओल्या मातीचा, पाण्याचा तिला संपर्क होतो आणि डिंक्या रोग लागतो. झाड चार-पाच वर्षांचं होऊन फळावर येतं आणि तेव्हा बुंध्यातून डिंक गळायला लागतो. खुंट, म्हणजे ज्यावर कलम बांधलं ते खालचं झाड, जंबेरीचा की रंगपूर लाइमचा ते विचारा. गाठीच्या खाली फुटवे आलेले असतील तर ते खुंटाचे, त्यांना फळ येईल ते आंबट-कडू. असे फुटवे घरी काढत राहावे लागतात. पिशवीच्या तळाच्या भोकातून जाड मुळं बाहेर येऊन गुंडाळली असतील तर ते रोप फार दिवस पडून आहे, सोडा. बागच लावायची असेल, शंभर-दोनशे झाडं, तर सहलीच्या दिवशी हा व्यवहार करू नका. त्यासाठी वेगळा दिवस काढून, नोंदणीकृत रोपवाटिका बघून जा.

रोपं शेवटी घ्या, बाहेर पडताना. आधी घेतलीत तर दिवसभर तीच सांभाळत बसाल. सोबत जुनं पोतं आणि सुतळी आणलेली असावी. मातीचा गोळा फुटू नये म्हणून पिशवीसकट ओल्या पोत्यात बांधा, शेंडे एकत्र सैल बांधा, खिडकीच्या वाऱ्यापासून लांब ठेवा, नाहीतर दोन तासांत पानं वाळतात. घरी पोचल्यावर त्याच रात्री खड्डा खणायला धावू नका. चार दिवस सावलीत, रोज थोडं पाणी, मग संध्याकाळच्या वेळी लावा. एसटीत रोपं सीटखाली उभी बसतात. गाडी भरलेली असली आणि कंडक्टर कुरकुरला, तर दोन मांडीवर घ्या, बाकी मागच्या सीटवरच्या पोरांकडं द्या आणि कोणाकडं कोणतं दिलं ते लक्षात ठेवा, कारण उतरताना प्रत्येकाला आपलं तेच कलम वाटतं.